तिचा ड्रॉप पडत होता

हे मी कोणालाच सांगितलेलं नाही. नवऱ्याला नाही, आईला नाही, आणि जिला सर्वांत आधी सांगायला हवं होतं तिला तर नाहीच. तुम्हाला सांगतेय, कारण तुम्ही मला ओळखत नाही. ओळखणारे सगळे म्हणतात — अर्चनाने वनितासाठी केवढं केलं, सख्खी बहीण करणार नाही! हे वाक्य कानावर पडलं की माझ्या डोक्यात तिडीक जाते. वाटतं, हातातलं ताट फेकावं. आणि मी काय करते? हसते. छे हो, त्यात काय, असं म्हणते. वर चहा विचारते.

सॉफ्टबॉल तुम्ही पाहिला नसेल. आपल्याकडे फारसा कोणी पाहत नाही, त्याचाही मला राग आहे, पण तो राहू द्या. एवढंच लक्षात ठेवा — मधोमध उभी राहून, हात गोल फिरवून खालून चेंडू टाकते ती पिचर. समोर बॅट घेऊन उभी असते ती बॅटर. आणि बॅटरच्या पाठीमागे, तोंडावर जाळीचा मास्क लावून उकिडवी बसते ती कॅचर. कोणता चेंडू टाकायचा ते कॅचर बोटांनी खुणावते आणि आलेला चेंडू झेलते. पिचर वनिता. कॅचर मी.

अमरावतीच्या कॉलेजपासून आमची जोडी. मी दोन वर्षांनी पुढे, म्हणून ताई. ती पहिल्यांदा मैदानावर आली तेव्हा काडीसारखी होती, पायात भावाचे बूट. सरांनी तिच्या हातात चेंडू दिला आणि मला म्हणाले, बस समोर. चेंडू माझ्या छातीच्या रोखाने आला, मी ग्लोव्ह तिथे धरला, आणि तो ऐन वेळी खाली बुडून माझ्या गुडघ्यावर आदळला. याला ड्रॉप म्हणतात. बॅटर छातीच्या उंचीवर बॅट फिरवते आणि चेंडू तिच्या बॅटखालून निघून जातो. तो शिकण्यात मुलींची सगळी कॉलेजची वर्षं जातात. हिला तो येतच होता. कुठे शिकलीस म्हणून विचारलं तर मला म्हणते, “मी तर सरळच टाकला ताई. काहून, वाकडा गेला का?”

ती मस्करी करत नव्हती. हे नीट ऐका, कारण पुढचं सगळं यावर आहे. पिचरला आपला ड्रॉप नीट दिसत नाही. तिच्या जागेवरून चेंडू सरळ जातानाच दिसतो. बुडतो तो अगदी शेवटी, बॅटरपाशी. पडला की नाही, किती पडला, हे कळतं ते कॅचरला. म्हणून ड्रॉप टाकला की वनिता माझ्याकडे बघून भुवया उडवायची — पडला का? मी ग्लोव्ह जमिनीकडे झुकवायचे — पडला. झालं. एवढ्या खुणेवर आम्ही विद्यापीठाच्या स्पर्धा जिंकलो. पेपरात फोटो आले. तिचे.

तेव्हा राग आला होता का मला? आला होता. मी तो गिळला, आणि वर तिच्या आईकडे पेढेही घेऊन गेले. स्वतःचा असा अभिमान वाटला होता तेव्हा — आज त्या पेढ्यांची आठवण आली तरी अंगावर काटा येतो.

लग्न होऊन मी जर्मनीत आले, लुडविग्सहाफेनला. हेमंत तिथल्या केमिकल कारखान्यात इंजिनियर. तो सकाळी जायचा, मी धुराडी बघत बसायचे. मग गावाबाहेर, श्पार्गल नावाच्या तिथल्या भाजीच्या शेतांपलीकडे सॉफ्टबॉलचा एक क्लब आहे असं कळलं. तिथली कोच उटे — शाळेत खेळ शिकवणारी, आवाज असा की नदीपलीकडे ऐकू जावा. तिने मला मास्क दिला, मी बसले, पहिले काही चेंडू झेलले आणि ती ओरडली, “गेनाऊ!” म्हणजे अगदी बरोबर. बस. मला जागा मिळाली. क्लबमध्ये ‘दी इंडरिन’ म्हटलं, ती भारतीय बाई असं म्हटलं, की माना माझ्याकडे वळायच्या. तुम्हाला हे क्षुल्लक वाटेल. मला वाटत नव्हतं.

तिथली वरची लीग म्हणजे बुंडेसलिगा. त्यातले क्लब एखादी पिचर बाहेरच्या देशातून हंगामापुरती आणायचे; तिकीट, राहायला खोली, हातखर्च. उटेने मला विचारलं, तुमच्याकडे कोणी आहे? वनिताचं नाव मीच सांगितलं. आउसलेंडरबेहोर्डेत, म्हणजे परदेशी लोकांच्या कागदपत्रांच्या त्या ऑफिसात, तिच्याबरोबर तासन्‌तास मीच बसले. रविवारी ती आमच्याकडे जेवायची. तिला अमरावतीचा गिला वडा आठवतो म्हटल्यावर मी तोही केला. हे माझ्या बाजूने धरू नका. लोक हेच धरतात, म्हणून तर संताप होतो.

फुटबॉलचा वर्ल्ड कप जर्मनीत झाला तो उन्हाळा. बाल्कन्यांवर झेंडे, गाड्यांवर झेंडे, सगळा देश फुटबॉलने खुळावलेला. आमच्या मैदानावर खेळाडूंचे नवरे आणि त्यांची कुत्री, एवढेच प्रेक्षक. तरीसुद्धा स्थानिक पेपराने एका कोपऱ्यात वनिताचा फोटो छापला. हात वर, चेहरा ताणलेला, फार सुंदर फोटो. हेमंतने तो फ्रिजवर लावला आणि म्हणाला, “बघ, तूही आहेस.” होते की. उजव्या कडेला. कोपर माझा होता.

आणि ‘दी इंडरिन’ म्हटलं की आता माना तिच्याकडे वळायच्या.

मग एक दिवस उटेने सांगितलं, इटलीतून एक बाई येणार आहे. इटलीतले क्लब खेळाडूंना पगार देऊन ठेवायचे, आणि ही त्यातल्या एका क्लबची. वनिताला बघायला येणार होती. पसंत पडली तर पुढच्या हंगामापासून वनिता पगारी खेळाडू. आणि नाही पडली तर? तर हंगाम संपला की अमरावती. घरच्यांनी मुलगा बघून ठेवलाच होता. तिच्या बाबांनी फोनवर तिला स्पष्ट सांगितलं होतं — तिकडे काही पक्कं झालं तर खेळ, नाहीतर पुरे. हे सगळं मला माहीत होतं. माहीत नसताना केलं असतं तर गोष्ट वेगळी होती. नव्हती वेगळी — पण निदान तसं म्हणता आलं असतं.

मॅचच्या दिवशी मी गाडी चालवत होते आणि ती शेजारी केळं खात होती. मध्येच म्हणाली, “ताई, तिकडं दुसरी कॅचर असन ना?”

असणारच, मी म्हटलं.

“पहिले पहिले त्रास होईन. मंग होऊन जाईन सवय.” आणि ती खिडकीबाहेर बघू लागली.

एवढंच. तिच्या मनात काही नव्हतं, हे मला तेव्हाही कळत होतं. पण ‘होऊन जाईन सवय’ हे शब्द मी गाडी चालवताना मनात घोळवत राहिले. अंगठा सुजवून, गुडघे झिजवून मी तिचा चेंडू झेलला, आणि माझी सवय मोडायला हिला काहीच लागणार नाही?

आता तुम्ही म्हणाल, परदेशात एकटी होतीस, ती गेली असती तर आणखी एकटी पडली असतीस. नको. हे कारण मला पुन्हा पुन्हा सुचलं आहे आणि प्रत्येक वेळी मी ते फेकून दिलं आहे. मला तिला थांबवून ठेवायचं नव्हतं. तिला मिळू नये, एवढंच मला हवं होतं.

पहिल्या इनिंगमध्ये तिने तिघींना बाद केलं, तिघींनाही ड्रॉपवर. बॅटा हवेत फिरत होत्या. असा ड्रॉप तिने कॉलेजातही टाकला नव्हता. ती भुवया उडवायची, मी ग्लोव्ह झुकवायचे — पडला, पडला, पडला. माझ्या मागे जाळीपलीकडे इटलीची बाई गॉगल डोक्यावर सरकवून पुढे येऊन उभी राहिली. मला तिचे बूट दिसत होते. ती कोणाकडे बघत होती? माझ्याकडे नाही.

पुढे एका इनिंगमध्ये समोरच्यांची एक खेळाडू तिसऱ्या बेसपर्यंत, म्हणजे रन पुरा व्हायच्या आधीच्या शेवटच्या टप्प्यावर पोचली, आणि त्यांची सगळ्यांत दणकट बॅटर मारायला आली. उंच चेंडू मिळाला की ती सोडत नसे. ड्रॉप मात्र तिला कधीच कळला नव्हता. मी अंपायरकडे वेळ मागितला आणि वनितापाशी गेले. मास्क वर केला. ग्लोव्ह तोंडापुढे धरला, आम्ही बोलताना धरायचो तसा. आणि म्हणाले, “ड्रॉप पडत नाहीये. तरंगतोय. राइज टाक.”

राइज म्हणजे वर चढणारा चेंडू. वनिताचा राइज चढत नव्हता, छातीवर सपाट यायचा. हे जगात कोणाला माहीत असेल तर मला.

“पडून नाही राहिला?” तिने विचारलं. चेहरा एवढासा झाला.

“नाही.”

“बरं झालं सांगितलं ताई.”

बरं झालं सांगितलं! मी परत येऊन बसले आणि राइजची खूण केली. चेंडू कुंपणावरून श्पार्गलच्या शेतात गेला. मी पुन्हा राइज मागितला. आणि पुन्हा. ती टाकत राहिली, त्या मारत राहिल्या. माझ्या मागे उभ्या अंपायरला सगळं दिसलं असेल, पण ड्रॉप का नाही हे विचारणं अंपायरचं काम नाही. नंतर उटेने विचारलं. माझं उत्तर तयार होतं — तिसऱ्या बेसवर खेळाडू असताना ड्रॉप जमिनीवर आपटून सुटला तर फुकटचा रन जातो. बिनतोड उत्तर. पण ते द्यायची वेळच आली नाही. माझ्याआधी वनिताच मोडक्या जर्मनमध्ये म्हणाली, “हॉयटे ड्रॉप निश्ट गूट.” आज ड्रॉप चांगला नाही. उटेने माझ्याकडे बघितलं. “या,” मी जर्मनमध्ये म्हणाले. म्हणजे हो.

इटलीची बाई मॅच संपायच्या आधीच गेली. जाताना तिने कॉफीचा कागदी कप कचऱ्याच्या डब्यात टाकला, तो मला दिसला.

इथे थांबले असते तर? एका दिवसाचा राग म्हणून मीच मला कधीतरी सोडून दिलं असतं. पण वनिता दुसऱ्या दिवशी माझ्याकडे आली, ताई, ड्रॉप दुरुस्त करायचा आहे. आम्ही रोज मैदानाच्या कडेला जाऊ लागलो. ती टाकायची, भुवया उडवायची. चेंडू बुडून माझ्या घोट्यापाशी यायचा — आणि मी ग्लोव्ह आडवा हलवायचे. नाही. तिने पकड बदलली. नाही. मनगट बदललं. नाही. पाऊल बदललं. हंगामभर हे चाललं. कारण एकदा ‘पडला’ म्हटलं असतं, तर त्या दिवशी का नाही पडला हा प्रश्न आला असता ना? मी घाबरले होते, आणि — लपवत नाही — मला मजाही येत होती. इतकी वर्षं पेपरात नाव तिचं आलं, आणि तिचा चेंडू आता माझ्या मनगटावर चालत होता.

मग एक दिवस तो खरोखरच पडेनासा झाला. तिने इतकं काही बदललं होतं, की तिचं तिलाच मूळचं सापडेना. तिने भुवया उडवल्या, मी ‘नाही’ म्हटलं. त्या मॅचनंतर मी तिला सांगितलेलं ते पहिलं खरं.

ती परत गेली. फ्रँकफुर्टच्या विमानतळावर माझ्या गळ्यात पडून रडली आणि मी तिच्या पाठीवरून हात फिरवला, याच हाताने. लग्न झालं. आता अमरावतीत शाळेतल्या मुलींना सॉफ्टबॉल शिकवते.

दोन-तीन वर्षांनी सुट्टीत गेले, तर तिने शिबिराला मला पाहुणी म्हणून बोलावलं. मी गेले. तोंड वर करून गेले! शाल, नारळ, जाळीमागे खुर्ची. तिने मुलींना सांगितलं, “तुमचा बॉल तुम्हाला दिसत नाही. कॅचर सांगन ते खरं मानायचं. माझा ड्रॉप गेला तेव्हा सगळे गोड बोलत होते. तोंडावर खरं सांगितलं ते फक्त या ताईंनी.” मुलींनी टाळ्या वाजवल्या. मी मान खाली घातली, आणि बघणाऱ्यांना तो विनय वाटला.

मग दाखवायचं म्हणून तिने स्वतः एक चेंडू घेतला. साडी खोचलेली, पायात चपला, तयारी नाही, काही नाही. हात फिरला. तीच जुनी पकड, कॉलेजातली. चेंडू छातीवर आला आणि बुडाला — असा बुडाला की समोरची पोरगी झेलायला चुकली आणि तो थेट माझ्यापुढच्या जाळीवर येऊन आपटला.

वनिताने चेंडूकडे बघितलं नाही. माझ्याकडे बघितलं आणि भुवया उडवल्या.

मी हात आडवा हलवला. नाही.

ती हसली आणि मुलींकडे वळून म्हणाली, “पाहिलं? ताई माझ्याशी कधी खोटं बोलत नाही.”