कंडक्टरचा कोट आणि मी उसवलेली पट्टी

सन दोन हजार बावीस. मला शहात्तरावं चालू होतं आणि ख्राइस्टचर्चला, हॉर्नबीत मुलाच्या घरी येऊन अकरा वर्षं झाली होती. शिक्षण माझं चौथीपर्यंत. ते मी लपवत नाही. पुढची अडतीस वर्षं मी मुंबईच्या एका नाटक कंपनीचा कपडेपट सांभाळला आणि पदवीवाले नट माझ्यासमोर हात वर करून मापं द्यायला उभे राहायचे.

मुलगा इंजिनियर, सून हॉस्पिटलात नर्स. दोघं सकाळी सातला निघायची. मग संध्याकाळपर्यंत घरात मी आणि फ्रीजची घरघर. टीव्ही मी लावायचो नाही, कारण इथले लोक तोंड न उघडताच बोलतात. कित्येक दिवस असे जायचे, की संध्याकाळी दार वाजल्यावर "आलात का" म्हणायचो तेव्हा स्वतःचा आवाज पहिल्यांदा कानावर पडायचा, तोही खरखरीत.

एक दिवस परसात धुणं वाळत घालत होतो. सगळे कपडे उलटे करून, आतली बाजू बाहेर. कपडेपटात तसंच घालतात. रंग टिकतो आणि घामाच्या बाजूला ऊन लागतं. शेजारच्या घरात एक गोऱ्या बाई एकट्याच राहायच्या, ऐंशीच्या पुढच्या. त्या कुंपणाशी येऊन बराच वेळ दोरीकडे बघत राहिल्या. मग म्हणाल्या, "तुम्ही थिएटरात होतात का?"

अकरा वर्षांत मला कुणी विचारलेला तो पहिला धड प्रश्न. आणि त्यांचं इंग्रजी मला अख्खं कळलं. एकेक शब्द मोकळा, धुऊन ठेवल्यासारखा.

"मी अ‍ॅक्ट्रेस होते," म्हणाल्या. "इंग्लंडला. टीव्हीवर. आता मी कुणीच नाही."

तेव्हापासून रोज दहा वाजता मी त्यांच्याकडे चहाला. आमच्या कंपनीत मोठ्या नटीला बाई म्हणायचे, म्हणून मीही बाईच म्हणायचो. मला कंपनीत मास्टर म्हणायचे हे सांगितल्यावर त्याही मास्टर म्हणू लागल्या.

बाईंनी त्यांचं सगळं आयुष्य मला सांगितलं, तुकड्या तुकड्यांनी. बाप गिरणीत कामाला. सोळाव्या वर्षी घरातून निघून फिरत्या नाटक मंडळीत गेल्या, मोलकरणीची कामं केली. रंगमंचावर ट्रे घेऊन येणं आणि जाणं. मग एका सिरियलमध्ये बसच्या कंडक्टरीणबाईचं काम मिळालं. बस डेपोतल्या लोकांची गोष्ट. तीन भागांपुरतं घेतलं होतं, ते सतरा वर्षं चाललं. रस्त्यात लोक त्यांच्याकडे तिकीट मागायचे. लग्नातसुद्धा मागितलं म्हणाल्या, चर्चच्या दारात.

पुढे तिकडे खऱ्या बसमधले कंडक्टरच बंद झाले, तेव्हा लेखकांनी बाईंनाही काढून टाकलं. गोष्टीत त्यांना टॅक्सीत बसवून स्पेनला बहिणीकडे पाठवलं.

"मारलंसुद्धा नाही, मास्टर. मारलं असतं तर एक सीन मिळाला असता."

"आमच्याकडे नटीला मरायला पूर्ण अंक देतात," मी म्हटलं.

"मग मी चुकीच्या देशात जन्मले."

त्यानंतर पाच-सहा किरकोळ कामं, त्यातली दोन प्रेताची. नवरा इथला, कॅमेऱ्यावरचा. त्याच्यामागून न्यूझीलंडला आल्या आणि तो वारला. इथे त्यांना ओळखणारं कुणी नाही. कोपऱ्यावरच्या डेअरीत दूध आणायला जायच्या तर तिथला पोरगा मान वर न करता पैसे घ्यायचा. त्याचं त्यांना फार लागायचं. बोलायच्या नाहीत, पण घरातून निघताना लिपस्टिक लावायच्या.

जूनमध्ये त्यांच्या जन्मगावच्या एका छोट्या म्युझियमचं पत्र आलं. सिरियलमधला कोट आहे का, असला तर आम्ही काचेत ठेवू. बाईंनी पत्र मला तीनदा वाचून दाखवलं. मग कपाटातून कोट काढला. निळा, जाड लोकरीचा, खांद्यापाशी कसरीने खाल्लेला, अस्तर लोंबत होतं.

"तुम्हीच करा," म्हणाल्या. "दुसऱ्या कुणाला हात लावू देणार नाही."

माझं इंग्रजी मोडकं आहे, पण कापडाचं मला कुणी सांगावं लागत नाही. नऊ दिवस बसलो. कोटाच्याच आतल्या दुमडीतून धागे ओढून रफू केलं. उजेडात धरलं तरी दिसत नव्हतं. आजही म्हणतो, तसं काम या गावात कुणी करून दाखवावं.

कॉलरच्या आत एक पांढरी पट्टी शिवलेली होती. तिच्यावर शाईने बाईंचं नाव, सिरियलचं नाव आणि एक नंबर. आमच्याही प्रत्येक कपड्याला अशी पट्टी असायची. पोशाख एकाकडून दुसऱ्याकडे गेला, की पहिली पट्टी उसवायची. कात्री लावायची नाही, धागा ओढून काढायचा. आणि ती पट्टी कचऱ्यात टाकायची नाही, वाहत्या पाण्यात सोडायची, म्हणजे त्या नटाची वाईट नजर नव्या माणसाला लागत नाही. माझ्या वस्तादाने मला हे शिकवलं आणि मी अडतीस वर्षं पाळलं. कोट आता बाईंकडून जाणार होता. मी पट्टी काढली, खिशात घातली, रिकार्टनला कोथिंबीर आणायला गेलो तेव्हा मुद्दाम पुढपर्यंत चालत जाऊन एव्हन नदीत सोडली. हातसुद्धा जोडले.

बाईंनी कोट हातात घेतला. खांद्यावरून बोट फिरवलं आणि हसल्या. मग कॉलर उलटी केली.

"मास्टर, पट्टी?"

"नदीत सोडली," मी म्हटलं. आमची रीत सांगितली. जरा ऐटीतच सांगितली.

त्या खुर्चीवर बसल्या. मग हळू बोलल्या. असे तीन कोट होते. बाकीचे दोन त्यांच्या जागी उभ्या राहणाऱ्या बदली बायकांनी घातले. हा बाईंचा होता हे त्या पट्टीवरूनच कळणार होतं. म्युझियमला त्यांनी तसं लिहूनही टाकलं होतं.

"मला विचारायचंत."

"कपडेपटवाला नटाला विचारत नाही," मी म्हटलं आणि उठून आलो.

दुसऱ्या दिवशी दहाला गेलो नाही. त्यांनीही हाक मारली नाही. सुनेला कळलं तेव्हा म्हणाली, "बाबा, सॉरी म्हणून टाका ना. इट्स नॉट अ बिग डील."

"बसमध्ये कुणाच्या पायावर पाय दिलाय का मी, सॉरी म्हणायला? काम बघ माझं आधी."

"कामाचं कोण बोलतंय?"

मी ताटावरून उठलो.

असे तीन आठवडे गेले. दहा वाजले की मी घरातल्या घरात फेऱ्या मारायचो. स्वतःचा चहा केला तर तो दोन कपांचा व्हायचा, हाताला तेच माप बसलेलं. उरलेला सिंकमध्ये ओतायचो. बाईंच्या खिडकीत दिवा दिसायचा, माणूस दिसायचं नाही.

एका दुपारी मी कचऱ्याचा डबा आत घेत होतो तेव्हा बाई कुंपणाशी आल्या. लिपस्टिक नव्हती. रागही नव्हता.

"म्युझियमचं उत्तर आलं," म्हणाल्या. "पट्टीशिवाय कोट नको म्हणाले."

मी म्हटलं, "बरं."

त्या काठी टेकत आत गेल्या.

सतरा वर्षं एका बाईने तो कोट अंगावर वागवला, आणि मी काय म्हणालो, तर बरं. जेवताना ते आठवलं, भांडी घासताना आठवलं. माझी रीत खोटी नव्हती. पण ती माझ्या कपडेपटाची रीत होती आणि कोट बाईंचा होता. एवढं समजायला मला तीन आठवडे लागले. वस्ताद असता तर त्याने एका मिनिटात कान पिळला असता.

दुसऱ्या दिवशी सकाळी इस्त्रीचा सदरा घातला, दहाच्या ठोक्याला त्यांची बेल दाबली. दार उघडलं. मी म्हटलं, "पट्टी मी उसवली. तुम्हाला न विचारता. चूक माझी आहे."

बाईंनी माझ्या इस्त्रीच्या सदऱ्याकडे पाहिलं. मग म्हणाल्या, "माझा चहा झालाय."

"माझा नाही झाला," मी म्हटलं आणि पायरीवरच उभा राहिलो.