ओडिशाहून आलेली सून

मी सव्वीस वर्षं गावच्या अंगणवाडीत सेविका होते. दर वर्षी घरोघर फिरून कोण जन्मलं, कोण वारलं, कोण गाव सोडून गेलं, हे लिहून घ्यायचं, हेही माझंच काम. सुरुवातीच्या दिवसांत खोलीत पोरं मावत नसत. अर्ध्यांना मी बाहेर निंबाखाली बसवायची. मग कुणी पुण्याला कंपनीत गेलं, कुणी संभाजीनगरला, कुणी सुरतेला. जाताना बायका निरोप घ्यायला यायच्या, लेकरांच्या लसीचं कार्ड मागून न्यायच्या. शेवटी शेवटी खिचडी लहानशा पातेल्यात होऊ लागली आणि तीही उरायची.

माझा मुलगा मात्र गेला नाही. त्याचे वडील वारले तेव्हा तो बारावीत होता. तेव्हापासून कापूस, तूर, सगळं त्यानंच पाहिलं, आणि मनापासून पाहिलं. पण त्याला मुलगी मिळेना. लोक चहा पिऊन तोंडावर म्हणायचे, "पोरगा चांगला हाये, पन शेतीच करते ना?" मला राग यायचा. पण बोलणार काय? तो शाळेत होता तेव्हा माझ्याच रजिस्टरात मुलांपेक्षा मुली कमी होत्या. का कमी होत्या ते सगळ्या गावाला ठाऊक होतं, मलाही होतं. तेव्हा मी गप्प बसले होते.

तो छत्तीस वर्षांचा झाला त्या साली शेजारच्या गावात ओडिशाहून एक सून आली. तिच्या नात्यात सव्वीस वर्षांची एक मुलगी होती. आम्ही शेगावहून रेल्वेनं गेलो. मुलीचे वडील पूर्वी घरच्यांना घेऊन रायपूरला बांधकामावर कामाला होते, त्यामुळे तिला हिंदी येत होती. मी तिला बाजूला घेऊन माझ्या मोडक्यातोडक्या हिंदीत विचारलं, "तेरी मर्जी है ना, बेटा?" तिनं मान हलवली. ती कशी हलवली हे मी नीट पाहिलं नाही. मला हवा तो अर्थ घेतला आणि तिथल्या देवळात लग्न लावून सून घरी आणली.

घरी आल्यावर ती बोलेचना. भाकरी अर्धीच खायची. तिच्यासाठी भात टाकला तर दोन घास घेऊन ताट बाजूला सारायची. आमचा सगळा भाग खारपाणपट्ट्याचा. विहिरीचं पाणी खारट, त्यात भात धड शिजत नाही आणि चवही बिघडते. आम्हाला सवय होती, म्हणून ते माझ्या डोक्यातच आलं नाही. मला वाटलं, पोरगी नखरेल आहे.

तीन आठवडे झाले असतील. एका दुपारी अंगणवाडीतून आले, तर दाराला बाहेरून कडी. मुलगा वावरात होता, सून कुठेच नव्हती. शेजारीण भिंतीवरून म्हणाली, "गेली असन व. अशा पोरी टिकत नाहीत." मी आत जाऊन सगळ्यात आधी तिची पेटी उघडून पाहिली. हे सांगायला आजही लाज वाटते. कपडे जिथल्या तिथे होते. तशीच चप्पल घालून बसथांब्याकडे निघाले, तेव्हा गावाच्या टोकाला राहणाऱ्या शिवणकामवालीनं हाक मारली. मुसलमानाच्या घरची ही बाई आमच्या गावातल्या सगळ्या बायकांचे ब्लाऊज शिवते.

"काकू, इकडे या. तुमची सून अठी हाये."

आत सून जमिनीवर बसली होती. ताटात भात, भातावर पाणी, बाजूला कांदा आणि हिरवी मिरची. मला पाहून ती खरकट्या हातानंच उठली.

"बस, बस. जेव," मी म्हटलं.

शिवणकामवाली म्हणाली, "कळशी घेऊन हिंडून राह्यली होती. गोडं पानी कुठी भेटते म्हने. आमच्या घरी फिल्टरचा कॅन असते. म्हटलं, अठीच भात टाक."

"पन मले काऊन नाही सांगतलं इनं?"

तिनं मशीन थांबवलं. "काकू, बुरा मानू नका. तुम्ही बोलता का तिच्यासंगं? घे, ठेव, जेव, एवढंच ना? तिले वाटते, तुम्ही नाराज आहात."

सून ताटाकडे पाहत हळूच म्हणाली, "माँजी, यहाँ सब मुझे ओडिशावाली बोलते हैं। मेरा नाम कोई नहीं लेता।"

मी तिथेच शिवलेल्या कपड्यांशेजारी बसले. अख्ख्या गावाची नावं लिहिली मी, आणि घरातल्या पोरीला एकदाही तिच्या नावानं हाक मारली नव्हती. मारून पाहिली. उच्चार असा काही चुकला की दोघी हसायला लागल्या. तिनं पुन्हा सांगितलं. तिसऱ्यांदा जमलं. ते नाव इथे लिहीत नाही. ते तिचं आहे.

त्यानंतर आमच्याकडे रोज गोड्या पाण्याचा कॅन येऊ लागला. तिनं मला रात्रीचा भात पाण्यात भिजवून सकाळी दह्याबरोबर खायला शिकवलं, आणि वैशाखात तो मला फार आवडला. मी तिला भाकरी थापायला शिकवली. माझा मुलगा मोबाईलवर ऐकून तिच्या भाषेत 'जेवलीस का' असं विचारायला शिकला. पहिल्यांदा विचारलं तेव्हा ती इतकी हसली की चुलीजवळून उठून बाहेर गेली. पुढच्या वर्षी गावात आणखी दोन सुना आल्या, एक तेलंगणातली, एक मध्य प्रदेशातली. त्यांना घर दाखवायला, माणसांची ओळख करून द्यायला आमचीच सून जायची.

मी निवृत्त झाले त्या वर्षी नात झाली. बाळंतपणाला सुनेची आई आली, महिनाभर राहिली. ती तिच्या भाषेत बोलायची, मी माझ्या. बाळाच्या मालिशीवरून आमचं वाजलं. तिला मोहरीचं तेल हवं, मला तिळाचं. शेवटी सुनेनं निकाल दिला, सकाळी एकीचं, संध्याकाळी दुसरीचं.

ती परत निघाली तेव्हा आम्ही शेगाव स्टेशनावर पोचवायला गेलो. गाडीत चढण्याआधी तिनं माझे दोन्ही हात धरले आणि बराच वेळ काहीतरी बोलत राहिली. मी नुसती मान हलवत होते. गाडी गेल्यावर सुनेला विचारलं, "काय म्हनत होती व?"

सुनेनं पदरानं डोळे पुसले. "आई म्हने, पोरगी इतक्या दूर देली तवापासून तिले धड झोप नव्हती. आता लागन म्हने."

नात पेंगुळली होती. तिला खांद्यावर घेतलं आणि आम्ही बसस्टँडकडे निघालो.