निवृत्तीनाना आणि अडलेली हवा

निवृत्तीनाना पहिल्यांदा आमच्या घरी आले, तेव्हा त्यांनी बंद पडलेल्या नळाकडे पाहिलंसुद्धा नाही. टोपी काढून खिशात घातली, स्वयंपाकघरातल्या पाइपला कान लावला आणि डोळे मिटून उभे राहिले. चक्कर तर आली नाही ना, म्हणून मी विचारायला गेले.

"गप ऱ्हा ताई, बोलतीय ती."

"कोण?"

"हवा. खिडकीच्या वर पाइप वळलाय ना, तिथं अडून बसलीय."

नाना एकलहऱ्याच्या वीजकेंद्रातून पाइपफिटर म्हणून निवृत्त झालेले. आमच्या नाशिकरोडच्या तीन मजली इमारतीत गच्चीवरची टाकी धुतली, की कुणाचा ना कुणाचा नळ फुसफुसून गप्प व्हायचा. दोष आमचाच. टाकी भरायच्या आधीच आम्ही सगळ्याजणी नळ सोडून बादल्या लावायचो आणि पाण्याबरोबर हवाही पाइपात शिरायची. नाना वैतागायचे. "आवो, टाकी तरी भरू द्या! मग सगळ्यात खालचा नळ सोडा, तो बी थोडाच." आम्ही माना डोलवायचो आणि पुढच्या वेळी पुन्हा तेच.

त्यांचा इलाज साधा होता. बाथरूमचा थेट महापालिकेच्या लाइनवरचा चालू नळ आणि स्वयंपाकघरातला अडलेला नळ रबरी नळीने जोडायचे आणि दोन्ही उघडायचे. पाणी उलटं चढून हवेला टाकीत ढकलून द्यायचं. "तिच्याशी भांडायचं नाय, आली तिकडं जाऊ द्यायचं," असं म्हणत नाना नळी घट्ट बांधायचे.

दोनेक वर्षांपूर्वी नानांना ऐकू येईनासं झालं. मागून हाक मारली तरी वळेनात. त्यात माझा नळ पुन्हा अडला. सोसायटीच्या सेक्रेटरींनी दुसरा प्लंबर आणला, तो माझी भिंत फोडायला निघाला. मी म्हटलं, आधी नाना. सेक्रेटरी हाताची घडी घालून बघत उभे राहिले.

नानांनी पाइपला डावा कान लावला, मग उजवा, मग पुन्हा डावा. त्यांचा चेहरा उतरलेला मला दिसला. बायको गेलेली, मुलगा परगावी. 'नाना, जरा येता का' ही हाक बंद झाली, तर हा माणूस दिवसभर करणार काय?

"ताई, तुम्ही लावा बरं कान," नाना एकदम म्हणाले. "शिका जरा!"

मी कान लावला आणि त्यांच्याकडे तोंड करून मोठ्याने सांगितलं, "खिडकीच्या वर गुळगुळतंय."

"बराबर," नाना परीक्षकाच्या थाटात म्हणाले. सेक्रेटरींनी मान डोलावली.

नळी जोडून नाना गच्चीवर टाकीपाशी गेले. माझी हाक त्यांना ऐकू जाणार नव्हती, म्हणून ठरलं, की टाकीतले बुडबुडे थांबले की त्यांनी कठड्यावरून टोपी हलवायची आणि मी नळ बंद करायचे. टोपी हलली. मी दोन्ही नळ बंद करून नळी काढली आणि स्वयंपाकघरातला नळ उघडला, तर तो धो धो वाहू लागला.

जाताना जिन्यात थांबून ते हळूच म्हणाले, "सेक्रेटरींना सांगू नका."

"काय सांगू? तुम्ही मला शिकवलंत."

तेव्हापासून कुणाचाही नळ अडला, की नाना आधी मला बोलवायचे. कान माझा, डोकं त्यांचं. आमचे हे मला 'फिटरीणबाई' म्हणून चिडवू लागले. मला मात्र त्या नावाचा अभिमानच वाटायचा.

गेल्या हिवाळ्यात चार दिवसांच्या तापाचं निमित्त होऊन नाना गेले.

परवा टाकी धुतली. सगळ्यांना बजावूनही नळ सुटलेच आणि माझाच नळ फुसफुसला. मी नळी जोडली, दोन्ही नळ उघडले, पाइपला कान लावला. गुळगुळ वर सरकत गेली आणि थांबली. हवा गेली होती, आता नळ बंद करायला हवे होते. तरी मी खिडकीतून वर, गच्चीच्या कठड्याकडे बघत उभी राहिले. पाणी उगाच वर चढत होतं.