हप्ता वाढला नाही

माझा राग अजून गेलेला नाही, आणि तो जावा अशी माझी इच्छाही नाही. गल्लीतल्या बायका म्हणतात, घर झालं ना, आता कशाला तेच तेच उगाळायचं. मी म्हणते, घर झालेलं नाही. आम्ही त्यात राहतो, एवढंच. घर कुणाचं, हे कर्ज देणाऱ्या कंपनीला विचारा.

अकरा वर्षांपूर्वी आम्ही अक्कलकोट रोडला, एमआयडीसीच्या पुढं, दोन खोल्या आणि वर गच्ची असं छोटं रो-हाउस घेतलं. त्याआधी भाड्यानं राहत होतो. तिथं पाणी चार-पाच दिवसांनी यायचं आणि घरमालकीण आमच्या बादल्या मोजायची. स्वतःची टाकी असावी, तिच्यातलं पाणी कुणी मोजू नये, एवढीच माझी घराची कल्पना होती. आमचे हे टॉवेलच्या कारखान्यात सुपरवायझर. पगार वेळेवर, म्हणून कर्ज पटकन मिळालं. इतकं पटकन मिळालं तेव्हाच शंका यायला हवी होती, पण फुकट पेढा देणाऱ्यावर कोण संशय घेतो!

कर्ज देणारा माणूस बिल्डरच्या ऑफिसातच टेबल टाकून बसलेला. "पंधरा लाख, वीस वर्षं, हप्ता पंधरा हजार," तो म्हणाला. व्याज किती विचारलं तर म्हणाला, साडेदहा टक्के, फ्लोटिंग आहे, म्हणजे व्याज उतरलं की तुमचा फायदा. चढलं तर काय, हे त्यानं सांगितलं नाही. सह्या करून करून आमचे हात दुखले. मधे चहा आला, बिस्किटं आली. वीस वर्षांत मिळून किती जाणार, हा एवढासा प्रश्न त्या टेबलावर कुणीच काढला नाही. तो काढायचं काम त्याचं होतं की आमचं, यावर माझं आजही भांडण आहे. छत्तीस लाख होतात. मेथीची जुडी घेताना आपण चार ठिकाणी भाव करतो, आणि पंधरा लाखांची वस्तू छत्तीस लाखांना पडते हे सांगायची पद्धतच नाही म्हणे.

आता माझ्या हिशेबाबद्दल. मी गेली कित्येक वर्षं गल्लीत भिशी चालवते. वीस बायका, महिन्याला दोन हजार, दर महिन्याला एकीला चाळीस हजार उचल. माझ्या भिशीत कधी रुपया इकडचा तिकडं झालेला नाही. लग्नं पार पडलीत, बाळंतपणं झालीत, एकीनं पिठाची गिरणी घातली. भिशीचा नियम सरळ असतो. पहिल्याच महिन्यात उचल घेतलेल्या बाईनं दहा हप्ते भरले की तिचं निम्मं फिटलं. पहिला हप्ता दोन हजारांचा, शेवटचाही दोन हजारांचाच, आणि प्रत्येक हप्त्यानं देणं तेवढंच खाली येतं. कर्ज म्हणजे हेच, असं आमच्या गल्लीत सगळ्यांच्या अंगवळणी पडलेलं. घराचं कर्जही मी तसंच मोजत गेले. पाच वर्षं झाली, पाव फिटलं. दहा झाली, निम्मं फिटलं. वर व्याज लागतं हे मला कळत होतं, मी काही दुधखुळी नाही. पण ते प्रत्येक हप्त्यात सारखं वाटून टाकलेलं असणार, असंच मी धरून चालले होते.

त्यातून कंपनीचं कौतुकही मीच करायची, हे आठवलं की अजून अंगाचा तिळपापड होतो. भिशीच्या दिवशी बायका महागाईचं रडगाणं लावायच्या. गॅस वाढला, दूध वाढलं, शाळेची फी वाढली. मी ताठ मानेनं म्हणायची, "आमच्या हप्त्यात मात्र इतक्या वर्षांत एक रुपया वाढला नाही बघा." मोबाइलवर अधूनमधून इंग्रजीत मेसेज यायचे. ह्यांना वाटायचं जाहिरात, मला वाटायचं पावती. हप्ता तोच आहे ना, मग झालं. एका बाईनं माझं ऐकून तिथूनच कर्ज काढलं.

ह्यांना खोकला लागला तो दोन वर्षांपूर्वी. आधी वाटलं हवामान. मग जिना चढताना धाप लागायला लागली, रात्री उठून बसायचे. छातीच्या डॉक्टरांनी तपासण्या केल्या आणि काम काय करता विचारलं. मागाच्या शेडमध्ये कापसाची भुकटी सतत उडत असते. ह्यांचे केस, भुवया संध्याकाळी पांढऱ्या दिसायच्या, आम्ही त्यावर हसायचो. डॉक्टर हसले नाहीत. श्वासाचा पंप लिहून देत म्हणाले, "औषध मी देतो, पण रोज तिथंच उभे राहिलात तर औषधानं काय होणार? ती जागा सोडा. जितक्या लवकर सोडाल तितकं बरं."

सोडायची सोय होती. माझ्या नणंदेच्या यजमानांचं स्टेशनरीचं दुकान आहे. त्यांनी आपणहून सांगितलं, हिशेबाला या, बारा हजार देतो. वह्या-पेनांत धूळ असून असून किती असणार. बारा हजारांत आणि माझ्या शिलाईत आमचं भागलं असतं, पण डोक्यावर हप्ता नसता तरच. मी म्हटलं, मग कर्जच मिटवून टाकू. निम्मं फिटलंय, साडेसात लाख राहिलेत. किती राहिलेत हे विचारायला आधी एकदा तिथं जावं, असं आम्हा दोघांच्याही मनात आलं नाही. भिशीत कुणी विचारायला जातं का? मोजलं की कळतं.

माझे दागिने आणि ह्यांच्या फंडातली उचल मिळून अडीच लाख झाले. उरलेले पाच माझ्या माहेरात होते.

माहेर वळसंगचं. वडील गेल्यावर शेत दोघा भावांच्या आणि माझ्या नावावर आलेलं. आमच्याकडं बहिणीनं अशा वेळी हक्क सोडायचा असतो. तालुक्याला जायचं, हक्कसोडपत्रावर सही करायची, भाऊ साडी घेतात, घरी पुरणपोळी होते, आणि त्या बदल्यात माहेरचं दार आयुष्यभर उघडं राहतं. कायदा काय म्हणतो ते सगळ्यांना माहीत असतं, पण कायद्याच्या घरी नागपंचमीला जाता येत नाही. मीही सहीच करणार होते. त्याऐवजी मी वळसंगला जाऊन सोप्यात बसले आणि म्हटलं, माझ्या वाटणीचे पैसे द्या, ह्यांचं काम सोडवायचंय.

थोरला चष्मा पुसत बसला. धाकटा म्हणाला, "अक्का, तुला शेरात घर हाय, आमाला हितं काय हाय?" त्याचंही खोटं नव्हतं. मी डॉक्टरांचे कागद दाखवले. वहिनी आतूनच म्हणाली, "द्या की त्यास्नी. हिशेब मिटला म्हणजे झालं." पाच लाख ठरले. तशी बघितली तर जमीन त्याहून कितीतरी जास्त किमतीची होती, पण मला बाजारभाव नको होता, ह्यांचा श्वास पाहिजे होता. मी सही केली, पैसे मिळाले. साडीही मिळाली, पण ती वहिनीनं माझ्या हातात दिली नाही, पिशवीत घालून गाडीत ठेवली. त्या वर्षी पंचमीला मला न्यायला कुणी आलं नाही. दर वर्षी थोरला यायचा. मी दुपारपर्यंत पिशवी भरून बसले होते, हे कबूल करायला मला लाज वाटत नाही.

एवढं करून साडेसात लाख जमवले आणि आम्ही कंपनीच्या ऑफिसात गेलो. ह्यांनी इस्त्रीचा शर्ट घातला होता. मी जाताना सिद्धेश्वराला नारळ फोडला. समोर पंचविशीतला एक साहेब होता, वागायला नम्र. त्यानं आमचा नंबर टाकला आणि स्क्रीनकडं बघत म्हणाला, "आउटस्टँडिंग अकरा लाख शहात्तर हजार."

मी म्हटलं, "दुसऱ्या कुणाचं बघताय तुम्ही."

त्यानं नाव वाचून दाखवलं, पत्ता वाचून दाखवला. आमचंच होतं.

"अहो, आम्ही दहा वर्षं भरतोय. अठरा लाख गेले आमचे. घेतले होते पंधरा."

"बरोबर आहे मॅडम. पण त्यातले प्रिन्सिपलमध्ये सव्वातीनच गेलेत. आधी इंटरेस्ट वळता होतो ना, मग मुद्दल."

अठरातले सव्वातीन. म्हणजे दहा वर्षं ह्यांनी भुकटी खाल्ली ती व्याजासाठी. तो पुढं म्हणाला की अजून तेरा वर्षं आहेत. मी म्हटलं, वीसमधून दहा गेली की दहा राहतात, हे तरी तुमच्या मशीनला मान्य आहे ना? तर म्हणाला, "मधे रेट वाढले मॅडम. आता बारा टक्के चालू आहे. तुमच्यावर बोजा पडू नये म्हणून हप्ता तोच ठेवून मुदत वाढवली."

"कुणी वाढवली?"

"सिस्टीमनं."

"मग बोलवा की तिला. मला दोन शब्द बोलायचेत."

आजूबाजूचे हसले. मी विनोद केला नव्हता. मला खरंच कुणीतरी माणूस हवा होता, ज्याच्या तोंडावर म्हणता येईल की बाबा, तू माझ्या नवऱ्याच्या राबण्याची तीन वर्षं वाढवलीस आणि मला विचारलंही नाहीस. मधे एकदा व्याज सगळीकडं उतरलं होतं, तेव्हा आमचं का उतरलं नाही, हेही विचारलं. त्यासाठी अर्ज करावा लागतो, वर फी भरावी लागते. चढताना मात्र अर्ज लागत नाही. "मेसेज पाठवला होता," तो म्हणाला, आणि ते खरं होतं. इंग्रजीत, दुधाच्या बिलाच्या आणि लॉटरीच्या मेसेजांच्या मधे कुठंतरी.

हे म्हणाले, "साडेसात भरून घ्या. पुढं काय ते सांगा."

तेव्हा त्यानं दोन वाटा सांगितल्या. उरलेल्या सव्वाचार लाखांना एक तर हप्ता कमी करून घ्यायचा, महिना पाच हजार चारशे, तेरा वर्षं. नाहीतर हप्ता पंधरा हजारच ठेवायचा, मग तीन वर्षांच्या आत संपतं. बहुतेक लोक हप्ता कमी करून घेतात, असंही म्हणाला. मी आता शहाणी झाले होते. विचारलं, "मिळून किती?" तो इकडचं तिकडचं बोलायला लागला. मी म्हटलं, "बाळा, मिळून किती?" त्यानं आकडे लावले. पहिल्या वाटेनं आठ लाखांच्या वर, दुसऱ्या वाटेनं पाच.

पाच हजार चारशे म्हटल्यावर माझा जीव भांड्यात पडला होता. तेवढे मी शिलाईतून काढले असते. हे उद्यापासून स्टेशनरीच्या दुकानात बसले असते. मी ह्यांना बाजूला नेऊन तेच सांगितलं. म्हटलं, जाऊ दे तीन लाख जास्त, जीव तर वाचेल.

हे ऐकेनात. "पासष्टीपर्यंत ह्या कंपनीवाल्यांस्नी पोसायचं? सव्वाचारचे आठ? अजिबात न्हाय."

"अहो, पण छाती?"

"तू माहेर विकलंस की माझ्यापायी. आता ते पैसे मी व्याजात घालू व्हय?" मग आवाज खाली आणून म्हणाले, "तीनच वर्षं गं. काढतो."

त्यांच्याशी मी कधी वादात हरत नाही, त्या दिवशी हरले. सगळ्यात संताप मला याचाच येतो. जी वाट पैशाला स्वस्त ती श्वासाला महाग, आणि जी श्वासाला स्वस्त तिच्यात पुन्हा लुबाडणूक. असा सौदा माणसापुढं ठेवणाऱ्यांना रात्री झोप कशी लागते कोण जाणे. माझ्या भिशीत असा व्यवहार मी केला असता तर बायकांनी माझ्या झिंज्या उपटल्या असत्या आणि मी म्हटलं असतं, उपटा. ज्या बाईनं माझ्यामुळं कर्ज काढलं तिच्या घरी मी दुसऱ्याच दिवशी गेले आणि सगळं सांगितलं. ती माझ्यावरच चिडली. चिडू दे. आता निदान अधूनमधून तिथं जाऊन किती राहिलं ते विचारते आणि आलेला बोनस तिथं भरते.

साडेसात लाख भरून घेतल्याची पावती घेऊन आम्ही खाली आलो. ह्यांनी घड्याळ बघितलं आणि म्हणाले, तू रिक्षानं जा, मला दुसरी पाळी आहे. इस्त्रीचा शर्ट तसाच घालून कारखान्यात गेले.

परवा पुन्हा छातीच्या डॉक्टरांकडं गेलो होतो. त्यांनी नळीत फुंकर मारायला लावली, तिच्यावरचा आकडा बघितला, आधीचा आकडा बघितला आणि विचारलं, "काम सोडलं ना?" हे माझ्याकडं बघायला लागले. मी म्हटलं, "अजून दोन वर्षं आहेत, डॉक्टर." कशाची, हे त्यांनी विचारलं नाही. खाली मान घालून त्यांनी पंपाचा डोस वाढवून दिला.