आईची फुलं बदलापूरकडे निघाली

एम.ए.ला भूगोल घेणार म्हटल्यावर आई म्हणाली, "घरातली पहिली बी.ए. झालीस ना? आता बँकेची परीक्षा दे. नद्या काय, खिडकीतूनही दिसतात." प्रवेशाची मुदत सोमवारी संपत होती. म्हणून रविवारी तिलाच उल्हास नदी दाखवायला घेऊन निघाले.

दिव्याहून लोकलने कल्याण, तिथून शेअर रिक्षाने दुर्गाडी. किल्ल्यावर देवीचं दर्शन घेतलं. वरून रुंद पाणी दिसत होतं. मी सांगत होते: ही राजमाचीकडच्या डोंगरात उगम पावते, कर्जत-बदलापूर करत येते, वाटेत भातसेला घेऊन आलेली काळू तिला मिळते, आपल्या नळाला येणारं पाणी याच नद्यांचं.

"येतं कुठे?" आई म्हणाली. दिव्यात राहणाऱ्यांना हे कळेल.

काठावर आईने नदीची ओटी भरली. नदी सवाष्ण, तिला रिकाम्या हाताने भेटायचं नाही. तांदूळ, हळदकुंकू, झेंडूची फुलं. प्लास्टिकची पिशवी मात्र मी काढून घेतली.

"आता बघ, फुलं निघाली समुद्राला!" मी ऐटीत म्हटलं.

फुलं जरा घुटमळली आणि बदलापूरच्या दिशेने चालू लागली.

आईचा चेहरा उतरला. "ओटी घेतली नाही तिने. राहू दे उद्याचं प्रवेशाचं."

निघताना मी भरतीची वेळच बघितली नव्हती! (तुम्ही जाल तेव्हा नक्की बघा.) "अगं, समुद्र आत आलाय. भरतीचं पाणी इथवर चढतं. त्याच्याच जोरावर गलबतं कल्याणला यायची, म्हणून तर इथे बंदर होतं, बाजार वसला."

"मग परत कधी जातं?"

"ओहोटी लागली की वळतं."

"मला वळताना बघायचंय."

वडापाव झाला, दोनदा चहा झाला. आईने पदर डोक्यावर घेतला. पाणी थबकलं. मग एक काडी हलली, तिच्यामागून फेस, मग सगळंच समुद्राकडे.

"फिरलं गं! फिरलं!"

गळ टाकून बसलेले काका हसले. "मावशी, रोजच फिरतं ते."

"तुमचं रोज. माझं आजच."

पुढे भिवंडीमार्गे बसने ठाण्याकडे. कशेळीच्या पुलावर आईला खिडकी दिली. इथे जवळच नदीला फाटा फुटतो: मोठा प्रवाह वसईकडे, छोटा ठाण्याच्या खाडीत. म्हणजे हे दोन फाटे आणि समुद्र यांच्या मधोमध ठाणे शहर आणि मुंबई, दोन्ही बेटावर.

"मुलुंडची मावशीपण?"

"तीपण."

आईने लगेच फोन लावला. "ताई, तुझ्या चहूबाजूंनी पाणी आहे, ठाऊक आहे का तुला?"

खाणंपिणं धरून दोघींचा खर्च पाचशेच्या आत झाला. टोपी आणि पाण्याची बाटली न्याच, काठावर सावली कमी.

संध्याकाळी जिन्यात शेजारच्या काकूंनी विचारलं, "देवदर्शन का?"

"देवी झाली. पण गेलेलो अभ्यासाला," आई म्हणाली. "हिच्या एम.ए.च्या."

कुलपात किल्ली घालून मी तशीच उभी राहिले. इतकी वर्षं पुस्तकांतून जे तिला सांगता आलं नव्हतं, ते ओहोटीने सांगून टाकलं.

सोमवारी ती कॉलेजातही आली. रांगेत पुढे उभ्या मुलीला विचारत होती, "तू गं कुठल्या नदीकाठची?"