रिकामं दार

आमच्या टॉमभाऊजींची एक खोड पेणच्या रामवाडीत कुणालाच आवडायची नाही. पाहुणा उठला की ते नीट हात जोडायचे, आणि तो उंबऱ्याशी पोचायच्या आत गर्रकन भिंतीकडे तोंड फिरवायचे. "गोऱ्याला भलताच माज हाय," असं शेजारच्या काकू मला तोंडावर म्हणाल्या होत्या. मेलं कुठं तोंड लपवू असं व्हायचं मला.

माझी ताई लंडनला नर्स होती, तिथंच तिचं लग्न झालं. भाऊजी तिकडच्या टीव्हीत आणि सिनेमात एडिटर. दुसऱ्यांनी काढलेली दृश्यं अंधाऱ्या खोलीत बसून कापायची नि जोडायची, हा जन्मभराचा धंदा. आधी फिल्मच्या पट्ट्या ब्लेडने कापल्या, मग कॉम्प्युटर आला, मग रिटायर होऊन दोघं पेणला आली. मराठी शिकले ते भाजीवालीकडून आणि रिक्षावाल्यांकडून, त्यामुळे 'नाय' आणि 'हाय' अगदी पक्कं.

एकदा मी चिडून विचारलंच, "भाऊजी, माणसाकडे पाठ काय फिरवता?"

"वैजू, ऐक गो. सिनेमात माणूस दारातून जातो. मग रिकामं दार दाखवलं, की बघणाऱ्याला कळतं, हा आता येत नाय. दार रिकामं व्हायच्या आधी कापलं, तर तो कुठंतरी हाय. मी लय माणसं अशी मारली. आता दार बघायची भीती वाटते."

मी हसले खरी, पण त्या दिवशी घरी जाताना मागे वळून बघायचा धीर होईना.

ताईची भीती वेगळीच. भाऊजी बाजारात निघताना म्हणायचे, "जातो."

"अहो, जातो नाही, येतो म्हणा!" ताई ओरडायची.

"पण मी जातोय ना?"

"तरी येतोच म्हणायचं!"

"तुमच्या भाषेत सीन उलटा जोडलाय," म्हणत ते पिशवी घेऊन चालू पडायचे. छातीचं दुखणं निघाल्यापासून तर ताईने त्या शब्दाची धास्तीच घेतली. ते परत येईपर्यंत ती गॅस पेटवायची नाही. "मूल नाही, बाळ नाही. हे गेले तर मी भांडू कुणाशी, वैजू?"

गणपती उठले आणि एका दुपारी भाऊजींनी जेवता जेवता ताट सरकवलं. घामाने चिंब झाले होते. कुणी म्हणे वडखळवरून अलिबाग गाठा, डॉक्टर म्हणाले मुंबईच. स्ट्रेचरवर त्यांनी तोंडावरचा मास्क बाजूला केला.

"वैजू, येतो गो."

अगं बाई! इतक्या वर्षांत हा शब्द त्यांच्या तोंडून कधी निघाला नव्हता. ताईनेही ऐकलं. तिने माझा दंड असा धरला की वळ उठले. मग ती त्यांच्याबरोबर आत चढली.

ॲम्ब्युलन्सचं दार अजून उघडं होतं. आत भाऊजींचा हात हलत होता. मी गर्रकन भिंतीकडे तोंड फिरवलं. "अगो, बघ तरी!" काकू ओरडत होत्या. मी कान दाबून धरले.

पनवेलच्या अलीकडेच सगळं संपलं. ताईने ते पाहिलं, तिच्या डोळ्यांपुढून हलत नाही. म्हणून ती अजून मला विचारते, "निघताना तुला कसे दिसले गो?"

"हात हलवत होते," मी सांगते. गाडी गेलेली मी पाहिलीच नाही.