दुसऱ्या प्रसंगात वारलेली मावशी

महाडच्या शाळेत मराठी शिकवता शिकवता मी पटकथा लिहायला लागले. आजवर चार चित्रपट लिहिले. त्यातल्या दोनांवर माझं नाव आहे आणि दोनांतल्या एकावर ते शुद्ध लिहिलेलं आहे.

सगळ्यांत गाजला तो मावशीचा. पोलादपूरच्या वर डोंगरात तिचं गाव. एसटी पायथ्याशीच थांबायची, कारण वर गाडी वळवायला जागा नव्हती. रस्त्यालगत सपाट म्हणावं असं एकच भातखाचर होतं, ते मावशीचं. काका लवकर गेलेले, मूलबाळ नाही. तिने ते खाचर गाडी वळवायला देऊन टाकलं. उन्हाळाभर गावच्या बायकांना घेऊन डोक्यावरून दगड वाहिले, खाचर भरून काढलं आणि गाडी वर आली. मी हे जसंच्या तसं लिहिलं.

मुंबईचे निर्माते वाचून गहिवरले. डोळे पुसत म्हणाले, "मॅडम, याला हात लावायचा नाही. फक्त बाईचं वय जरा कमी करू."

मी केलं. मग तरुण बाई एकटी कशी, म्हणून तिच्या प्रेमात एक एसटी ड्रायव्हर पडला. तेवढ्यात त्या भूमिकेसाठी मोठा नट मिळाला. त्याला ड्रायव्हर व्हायचं नव्हतं, त्याला खाचर द्यायचं होतं. तेव्हा तो मावशीचा मुलगा झाला आणि मावशी दुसऱ्याच प्रसंगात वारली. "फोटोला हार घातला की इमोशन आपोआप येतं," दिग्दर्शक म्हणाले.

यातला प्रत्येक बदल माझ्याच हातचा, हे कबूल करते. मृत्यूचा प्रसंग तर असा उतरला की लिहिताना मीच रडले.

महाडला सिनेमा लागला तेव्हा मावशीला घेऊन गेले. पडद्यावर हार घातलेला फोटो आला तशी ती माझ्या कानाशी वाकली.

"मी मेले कधी गो?"

"मावशी, ते सिनेमापुरतं."

"आनि ह्यो कोन?"

"तुझा मुलगा."

पडद्यावर तो डोक्यावर दगड घेऊन चालला होता, तिने त्याला बराच वेळ न्याहाळलं. "पोरगा चांगला हाय. पन दगड पोकळ हाय त्याचा."

महिन्याभरात गावाने नटाचा सत्कार ठेवला, गावात एसटी आणल्याबद्दल. मांडव मावशीच्या खाचरावरच घातला, त्यामुळे त्या दिवशी गाडी वळेना आणि पाहुण्यांसकट सगळे पायथ्यापासून चालत आले. सरपंच तासभर बोलले. मावशी तिसऱ्या रांगेत. तिच्याबरोबर दगड वाहिलेली शेजारीण तिच्याच खांद्यावर डोकं ठेवून मुसमुसत म्हणाली, "ह्याची आय बघायला हवी हुती गो!" मावशीने तिला डोळे पुसायला आपला पदर दिला.

मला मावशीकडे बघवेना आणि मंचाकडेही बघवेना. मंचावर मला नारळ मिळाला, 'विशेष सहकार्याबद्दल'.

पुढल्याच आठवड्यात निर्मात्यांचा फोन. "मॅडम, दुसरा भाग करू. मावशींना जिवंत करता येईल का?"

मी मावशीला विचारलं.

"नाय म्हन त्यांना," ती म्हणाली.

मी निर्मात्यांना हो म्हटलं.

गणपतीत तिच्याकडे गेले. तिने मोदक पुढे केले, वरून तूप सोडलं, शाळेचं विचारलं, माझ्या गुडघ्याचं विचारलं. सिनेमाचं काही विचारलं नाही. पिशवीत दुसऱ्या भागाचे लिहिलेले वीस प्रसंग होते. ते बाहेर काढायचा मला धीर झाला नाही.